शकुनबाईचा हुद्दा

पवनीच्या वेशीबाहेर पुंडलिकरावांची राइस मिल आहे. तिथं शकुनबाईनं बावीस वर्षं तांदूळ निवडला. सूप पुढ्यात घेऊन काळा दाणा, पिवळा दाणा, खडा वेगळा करायचा. तेव्हा अशा अकरा जणी ओळीनं बसत. मग तीन वर्षांपूर्वी निवडीची मशीन आली. उतरत्या पट्टीवरून तांदळाची धार पडते, कॅमेरा दाण्याचा रंग पाहतो, आणि वाईट दाणा हवेच्या फटक्यानं बाजूला उडतो. अकरांतल्या नऊ जणी घरी गेल्या. शकुनबाई आणि रंभाबाई राहिल्या, पण त्यांच्या हाती आता झाडू होता.

मशीनवर गोंदियाचा कैलाश बसायचा. पोरगा हुशार, पण मोबाइलचा नादी. शकुनबाई झाडता झाडता पोत्यात हात घालायची, मूठभर तांदूळ तळहातावर पसरायची आणि म्हणायची, "कैलाशभाऊ, काच पुसा. पिवळा दाणा सुटून राहिला."

आधी तो हसला. पण कॅमेऱ्याची काच पाहिली तर खरंच धूळ बसलेली. बाईची नजर मशीनपेक्षा तिखट आहे हे त्याला उमगलं, तसं त्यानं तिला पडद्यावरचे आकडे दाखवले, हवेचा दाब कसा पाहायचा ते शिकवलं. पुढं पुढं तर तो चहाला गेला की मशीन तिच्याच हवाली असायची.

दिवाळीनंतर कैलाशला रायपूरला नोकरी लागली आणि तो निघून गेला. नवा धान येऊन पडलेला, फाटकाशी ट्रक उभे. पुंडलिकरावांनी चार ठिकाणी फोन लावले; पंधरा दिवसांआधी कोणीच यायला तयार नव्हतं.

शकुनबाईनं पदराला हात पुसले. "मालक, मी चालवून पाहू का?"

मालकांकडं दुसरा इलाजच नव्हता. तिनं मशीन लावली, आणि त्या दिवसापासून तीच लावत राहिली. संक्रांत येऊन गेली, एकाही गाडीची तक्रार आली नाही. नवा ऑपरेटर शोधायचं मालक विसरूनच गेले. रोजी मात्र तीच राहिली, झाडूची.

तिची लेक राखी भंडाऱ्याला कॉलेजात शिकत होती. तिनं एकदा आईला समजावलं, "आई, किमान मजुरीच्या सरकारनंच पायऱ्या केल्या हायेत. अकुशल, अर्धकुशल, कुशल. तू कोणत्या पायरीवर हायेस ते हजेरी बुकात पाय."

शकुनबाईनं पाहिलं. तिच्या नावापुढं लिहिलं होतं, 'अकुशल, सफाई.' ते दोन शब्द तिला भर सभेत कोणी तोंडावर बोलावं तसे लागले.

तिनं मालकांना विचारलं. ते म्हणाले, "पाहू ना, शकुनबाई." महिन्यानं त्यांनी तिला ऑफिसात बोलावून एक साडी आणि पाकीट पुढं केलं. "तुमी लय केलं मिलसाठी. हे बक्षीस समजा."

"बक्षीस नको, मालक," ती म्हणाली. "कैलाशभाऊले जो हुद्दा होता, जी रोजी होती, ते द्या."

"अवो, तो शिकलेला होता. सर्टिफिकेट होतं त्याच्यापाशी."

"मग ते सर्टिफिकेट लावा मशीनले. चालते का पाहा."

मालकांचा चेहरा उतरला. शकुनबाई साडी-पाकीट तिथंच ठेवून बाहेर आली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती वेळेवर आली, सही केली, आणि झाडू घेऊन अंगण झाडायला लागली.

रंभाबाई घाबरली. "काहून असं करून राहिली वं? काढून टाकतीन तुले."

"कायले काढतीन? बुकात जे लिवलं तेच काम करून राहिली ना मी."

मालकांनी पुतण्याला, बंटीला, मशीनवर बसवलं. त्यानं सगळे आकडे वर चढवले, तसा चांगला तांदूळच धडाधड टाकाऊ पोत्यात उडू लागला. मग त्यानं ते खाली आणले, तर काळे दाणे सरळ चांगल्या मालात. तीन दिवस असं चाललं. चौथ्या दिवशी नागपूरच्या व्यापाऱ्यानं पोत्यात हात घातला, तांदूळ तळहातावर पसरला, आणि अख्खी गाडी परत फिरवली.

दुपारी पुंडलिकराव स्वतः अंगणात आले. शकुनबाई धानाचा कोंडा गोळा करत होती.

"चला बाप्पा, आता तरी मशीनवर."

ती सरळ उभी राहिली. "आधी बुक आणा, मालक."

बुक आलं. सगळे हमाल काम थांबवून पाहत होते. पुंडलिकरावांनी 'सफाई' खोडलं, 'अकुशल'मधला 'अ' खोडला आणि पुढं 'मशीन ऑपरेटर' लिहिलं. रोजी कैलाशचीच. आणि दिवाळीपासूनचा फरकही.

"झालं समाधान?"

"अर्धं झालं," शकुनबाई म्हणाली. "मी एकटी आजारी पडली तर तुमी पुन्हा बंटीभाऊले बसवान. रंभाबाई शिकन माह्या हाताखाली. तिले अर्धकुशल लिवा."

मालकांनी तिच्याकडं पाहिलं, मग रंभाबाईकडं, आणि कपाळाला हात लावून हसले. "तुमच्याशी सौदा करणं म्हणजे व्यापाऱ्यापेक्षा वाईट." पण लिहिलं.

संध्याकाळपर्यंत परत आलेली गाडी पुन्हा निवडून झाली. शेवटची पोती शिवली जात असताना ऑफिसच्या खिडकीतून पुंडलिकरावांचा आवाज आला. ते नागपूरच्या व्यापाऱ्याशी फोनवर बोलत होते. शकुनबाई खिडकीखालीच उभी आहे हे त्यांना ठाऊक नव्हतं.

"आता घ्या बिनधास्त. आमच्या ऑपरेटरबाईनं स्वतः निवडला माल. जिल्ह्यात अशी नजर नाई, सांगून ठेवतो."

शकुनबाईचा ऊर भरून आला. पंचवीस वर्षांत या मिलमध्ये तिच्याबद्दल कोणी एवढं बोललं नव्हतं. तिनं डोईवरचा पदर नीट केला, मशीनपाशी गेली आणि हाक मारली, "ये वं रंभे, भिऊ नोको. आधी काच कशी पुसतात ते पाय."