दसऱ्याला बसवलेली चाकं

मला गाड्यांतलं काही कळत नाही, हे वाक्य मी वयाच्या एकोणसाठाव्या वर्षी पहिल्यांदा उच्चारलं. तोपर्यंत न्यूझीलंडच्या हॅमिल्टनमधल्या निदान तीस मराठी घरांनी माझ्या सल्ल्याने गाड्या घेतल्या होत्या.

याची सुरुवात खोटं बोलण्याने झाली नाही. पुण्यात मी एकवीस वर्षं एका टायर कंपनीत होतो, हे शंभर टक्के खरं. काय म्हणून होतो, हे कुणी विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. मी टाइम ऑफिसात होतो. कामगारांची पंचिंग कार्डं, हजेरी, रजा. टायर तयार होताना मी दोनदाच पाहिला, तोही पाहुण्यांना कारखाना दाखवायला नेलं तेव्हा. इथे आल्यावर पहिल्याच पिकनिकला कुणीतरी म्हणालं, "चंद्रशेखरकाका टायर कंपनीतले आहेत, त्यांना विचारा." मी समोरच्या टायरच्या खाचेत अंगठा दाबला आणि म्हणालो, "अजून वीस हजार किलोमीटर जातील." का म्हणालो, देव जाणे. तो टायर खरंच चालला असावा, कारण तेव्हापासून माझा अंगठा प्रसिद्ध झाला.

नव्याने आलेली मुलं जुनी जपानी गाडी घ्यायच्या आधी मला दाखवायला न्यायची. मी गाडीभोवती एक फेरी मारायचो, टायरला लाथ घालायचो, बॉनेट उघडून "हं" म्हणायचो. माझी बायको प्रमोदिनी म्हणायची, "अहो, एकदा सांगून टाका." मी म्हणायचो, "लोकांच्या उपयोगी पडतोय, तुझं काय जातंय?" झाकली मूठ सव्वा लाखाची, आणि ती उघडायची मला काही घाई नव्हती.

२०१६ च्या दसऱ्याच्या आधी यतीन आणि विनिता आमच्या रोटोटुनाच्या घरी आले. दोघंही नाशिकची, इथे शिकायला आलेली आणि शिकून इथेच राहिलेली. तो एका ऑफिसात कॉम्प्युटर सांभाळायचा, ती शेजारच्या केंब्रिज गावातल्या एका रेस्ट होममध्ये म्हाताऱ्यांची काळजी घ्यायची. त्यांची १९९९ सालची छोटी हॅचबॅक विनिता रोज हायवेने शंभरच्या वेगाने केंब्रिजला न्यायची. गाडीचं वॉरंट, म्हणजे दर सहा महिन्यांची तपासणी, तोंडावर आली होती आणि टायर गुळगुळीत झाले होते.

"टायरवाल्याने साइझ लिहून दिलाय काका, पण म्हटलं आधी तुम्हाला विचारावं," यतीन म्हणाला.

तो कागद मी घेतलासुद्धा नाही. "नवीन कशाला घेता? माझ्याकडे अख्खा सेट पडलाय." माझा मुलगा क्षितिज वेलिंग्टनला गेला तेव्हा जुन्या गाडीचे मॅग्ज, म्हणजे ती चकचकीत अलॉयची चाकं, टायरसकट गॅरेजमध्ये ठेवून गेला होता. "घेऊन जा. माझ्याकडून भेट."

दसरा मंगळवारी होता, पण आम्ही तो आदल्या रविवारीच केला. सकाळी ड्राइव्हवेवर यतीनने जॅक लावला आणि मी खुर्ची टाकून बसलो. जुनी लोखंडी चाकं निघाली, क्षितिजची चढली. ती जरा मोठी आणि रुंद दिसत होती, हे मला दिसलं होतं. तेही सांगून टाकतो.

"काका, ऑफसेट बघायला लागतो का?" यतीनने विचारलं. "म्हणजे चाक किती आत बसतं, त्याचा आकडा. नेटवर वाचलं. आणि मधलं भोकही मॅच व्हायला लागतं म्हणे."

"चार बोल्ट, चार भोकं. बसलं की नाही?"

"बसलं. पण टायरची उंची..."

"अरे, एकवीस वर्षं टायर कंपनीत काढली मी. नेटवर विश्वास की माझ्यावर?"

"सॉरी काका," तो म्हणाला, आणि नट आवळायला लागला.

मग प्रमोदिनीने पूजेचं ताट आणलं. बॉनेटवर स्वस्तिक काढलं, झेंडूची माळ घातली, चाकाखाली लिंबू ठेवलं. बाहेरचं कुंकू पावसाने जाईल म्हणून ती म्हणाली, आतही कुठेतरी एक बोट लावा. मी ड्रायव्हरचं दार उघडलं. दाराच्या चौकटीवर जपानी अक्षरांचं एक लेबल चिकटवलेलं होतं. ते कशाचं आहे हे न बघता मी त्याच्यावरच कुंकवाचं जाड बोट ओढलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या आणि विनिता माझ्या पाया पडली.

दिवाळीला दोघं फराळ घेऊन आले ते तासभर उशिरा. यतीनच्या अंगठ्याला बँडेज होतं. दारात सापडला म्हणाला. निघताना मी सांगितलं, "जाता जाता सरलाकाकूंना घरी सोडा." आमच्या सरलाकाकू पंच्याहत्तरीच्या, बस त्यांना झेपत नाही. पण यतीन आणि विनिताने एकमेकांकडे पाहिलं आणि विनिता म्हणाली, "आम्हाला जरा दुसरीकडे जायचंय, काका." शेवटी काकूंना मीच सोडलं. वाटेत त्यांना आणि दुसऱ्या दिवशी आणखी चार जणांना मी ऐकवलं, की आजकालच्या मुलांना उपकाराची जाण नाही. चाकं फुकट हवीत, पण त्या चाकांवरून म्हातारीला पाच मिनिटं न्यायला नको.

त्या फराळाचा डबा आमच्याकडे राहिला होता. डबा रिकामा परत करायचा नाही, म्हणून प्रमोदिनीने त्यात नारळाच्या वड्या भरल्या आणि एका गुरुवारी दुपारी मी तो द्यायला निघालो. इथे फोन केल्याशिवाय कुणाकडे जात नाहीत. पण डबा द्यायला जाताना कोण फोन करतं?

त्यांची गाडी शेडमध्ये उभी होती. तिला काळी लोखंडी चाकं होती, वर नवेकोरे, बेताचे टायर. भिंतीला टेकून काहीतरी रचून ठेवलेलं होतं, त्यावर जुनी चादर. मी चादर उचलली. क्षितिजचे मॅग्ज होते. प्रत्येकावर चिकटपट्टी आणि तिच्यावर सुबक अक्षरात लिहिलेलं: पुढचं डावं, पुढचं उजवं, मागचं डावं, मागचं उजवं.

मला पहिल्यांदा आला तो राग. माझ्या मुलाची चाकं, मी मायेने दिलेली, आणि ही अशी चादरीखाली! दार वाजवायला वळणार तेवढ्यात मागच्या चाकाचा टायर नीट दिसला. त्याची कड सालपट काढल्यासारखी सोलली होती आणि आतले धागे दिसत होते.

विनिता मागच्या दाराने बाहेर आली. मी चादर हातात धरून उभा.

"काका! अहो, फोन केला असतात तर..." ती मध्येच थांबली. फोन केला असता तर काय झालं असतं हे माझ्या लक्षात आलं.

"बसली नाहीत ना ही?" मी विचारलं.

"तसं नाही काका. आमचीच गाडी फार जुनी आहे," ती म्हणाली. म्हणजे दोष तिने गाडीवर घेतला.

खोदून खोदून विचारल्यावर तिने सांगितलं. दसऱ्यानंतरच्या शनिवारी ते ऑकलंडला, न्यू लिनला निघाले होते. मागे दोन मित्र बसलेले. गाडी विनिता चालवत होती. साठच्या पुढे स्टिअरिंग थरथरायचं, पण नवीन चाकांचं असेल म्हणून ती गप्प बसली. ऑकलंडच्या अलीकडे बॉम्बे हिल्स नावाच्या टेकड्या लागतात, त्यांच्या चढावर रबर जळल्याचा वास आला आणि मागच्या चाकातून धूर निघायला लागला. मागे माणसं बसली की गाडी खाली दबायची आणि टायर मडगार्डवर घासायचा. वॉरंटच्या तपासणीत तर गाडी पहिल्या पाच मिनिटांत नापास झाली.

"तो माणूस चिडून म्हणाला, कुणी बसवली ही? मग यतीनने सांगितलं, आम्हीच बसवली."

"आणि दिवाळीला माझ्याकडे आलात तेव्हा?"

ती खाली बघायला लागली. "तुमच्याकडे यायचं असलं की यतीन बदलतो. पाऊण तास तर लागतो. येताना चाळीसनेच येतो, आणि मागे कुणाला बसवत नाही. तुम्ही क्षितिजची चाकं दिलीत काका. तुम्हाला वाईट वाटायला नको."

मी डबा तिच्या हातात दिला. दुसरं काय करणार?

"काका, प्लीज, तुम्हाला कळलंय हे यतीनला सांगू नका. त्याला फार लागेल."

तिथून घरापर्यंत गाडी कशी चालवली, आठवत नाही. अंगठ्याचं बँडेज, उशीर, सरलाकाकू, एकेक गोष्ट डोक्यात फिरत होती. मला लाज वाटली हे म्हणणं फार सोपं आहे. मला स्वतःची किळस आली. ज्या पोरीला मी दिलेल्या चाकांवर मरण येऊ शकलं असतं, ती माझ्यासमोर ओशाळून उभी होती, आणि मी तिला गावभर कृतघ्न ठरवून मोकळा झालो होतो.

त्या रविवारी नवीन आलेल्या मुलांना आमच्याकडे चहा-पोह्यांना बोलावलेलं होतं. यतीन-विनिताही यायचे होते. म्हणजे यतीन पुन्हा ती चाकं चढवणार आणि धागे निघालेल्या टायरवरून विनिताला घेऊन येणार. फोन उचलून एवढंच म्हणायचं होतं, की बाबा, ती चाकं लावू नकोस. गुरुवारी म्हटलं, तिने सांगू नको म्हटलंय. शुक्रवारी म्हटलं, उद्या बघू. शनिवारी प्रमोदिनीने विचारलं, "तुम्हाला काय होतंय?" मी म्हटलं, ॲसिडिटी. यात विनिताच्या विनंतीचा काही संबंध नव्हता. मला सांगायचं नव्हतं, एवढंच.

रविवारी दुपारी मी खिडकीशीच उभा होतो. गाडी हळूहळू आली, वळण फार न घेता सरळ रस्त्याकडेला थांबली. मॅग्ज उन्हात चमकत होते. ती दोघं सुखरूप उतरली तेव्हा मला हायसं वाटलं, आणि मग मी स्वतःला शिवी दिली.

घरात सरलाकाकूंसकट दहा-बारा माणसं होती. पोहे झाल्यावर सुयश नावाचा एक मुलगा, जुलैमध्येच आलेला, फोन पुढे करून म्हणाला, "काका, मी पण मॅग्ज घेतोय. सेकंडहँड आहेत, पण कडक! चार बोल्टच आहेत. बसतील ना?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. तेवढ्यात यतीन म्हणाला, "काकांनी आम्हाला दिलेत ना, स्वीट ॲज आहेत, एकदम मस्त. जुन्यांपेक्षा हीप्स बेटर." आणि माझ्याकडे बघून हसला. त्याच्या उजव्या हाताची बोटं ताजी सोलवटलेली होती.

ते मला सहन झालं नाही.

"नाही बसत," मी म्हणालो. "मी दिलेली चाकं यतीनच्या गाडीला बसत नाहीत. यांचा जीव जाता जाता राहिला. टायरवाल्याने बरोबर लिहून दिलं होतं, मी ते वाचलं नाही. हा मला दसऱ्याला विचारत होता, मी त्याला गप्प बसवलं. मला गाड्यांतलं काही कळत नाही."

कुणीतरी हसून म्हणालं, "काका, किती नम्रपणा तो!"

मी भडकलो. "नम्रपणा नाही रे! मी टाइम ऑफिसात होतो! हजेरी मांडायचो! टायरला हातसुद्धा लावला नाही कधी!"

बशीत चमचा ठेवल्याचा आवाज झाला. कोपऱ्यातून कुणीतरी हळूच विचारलं, "मग आमची गाडी?"

"टायरवाल्याला दाखव," मी म्हणालो. "सगळ्यांनी दाखवा. आणि सरलाकाकू, दिवाळीला मी तुमच्याजवळ या दोघांबद्दल जे बोललो ते खोटं होतं. तुम्हाला मागे बसवलं असतं तर टायर घासला असता, म्हणून नेलं नाही त्यांनी."

विनिता रडत होती. यतीन मान खाली घालून बसला होता, जणू चूक त्यानेच केली होती.

त्या चाकांवरून मी त्यांना परत जाऊ दिलं नाही. यतीनला माझ्या गाडीत बसवून त्याच्या घरून लोखंडी चाकं आणली. ड्राइव्हवेवर त्याने जॅक काढला तेव्हा मी खुर्ची आणली नाही, गुडघ्यांवर बसलो.

"काका, तुम्ही आत जा. मी करतो."

"नाही. मला दाखव. आणि साइझ कसा कळतो तेही दाखव."

त्याने ड्रायव्हरचं दार उघडलं. "इथे लेबल असतं. अक्षरं जपानी असली तरी आकडे वाचता येतात."

लेबलवर माझं कुंकू वाळून बसलं होतं. ते त्याने इतके दिवस पुसलं नव्हतं. मी अंगठा ओला केला आणि घासायला लागलो. दोन-तीनदा घासल्यावर लाल चिखलाखालून आकडे वर आले. मी चष्मा सारखा करून मोठ्याने वाचलं, "एकशे पंच्याहत्तर, पासष्ट, आर, चौदा."

"बरोबर," यतीन म्हणाला.

"एकशे पंच्याहत्तर म्हणजे काय रे?"

तो माझ्याकडे बघत राहिला, उत्तर द्यावं की नाही अशा चेहऱ्याने. मी त्याची परीक्षा घेतोय, असं त्याला वाटलं होतं.

"नाही रे बाळा," मी म्हणालो. "मला खरंच माहीत नाही."