घरच्या मैदानावर

पहिला चेंडू कुंपणापार गेला तेव्हा ऑरिन टटलला वाटलं, वारा असेल. दुसरा गेला तेव्हा त्यानं झेंड्याकडे पाहिलं. झेंडा काठीला चिकटून लोंबत होता.

तिसऱ्या डावात मॅनेजर हॅनिगन स्वतः मैदानात आला आणि त्यानं ऑरिनच्या हातातून चेंडू काढून घेतला.

"बस जरा."

"हात दुखत नाहीये माझा."

"तेच तर वाईट आहे," हॅनिगन म्हणाला.

ऑरिन बाकावर जाऊन बसला. आयुष्यभर त्यानं बेसबॉलमध्ये चेंडू टाकण्याशिवाय, पिचिंगशिवाय, दुसरं काही केलं नव्हतं. तरुणपणी मोठ्या लीगमध्ये एक हंगाम खेळला, मग खांदा गेला आणि तो बायकोच्या, विनीच्या, गावी इंडियानात आला. इथल्या लहानशा लीगमध्येही लोक त्याला संपलेलाच धरून चालले होते. पण गेली तीन वर्षं घरच्या मैदानावर त्याला कुणी मारूच शकलं नव्हतं. फलंदाज जीव खाऊन बॅट फिरवायचे आणि चेंडू मरगळल्यासारखा जाऊन एखाद्याच्या हातात पडायचा. बाहेरगावी मात्र ऑरिन मार खायचा. त्याचं खापर तो आगगाडीच्या बाकांवर आणि हॉटेलातल्या ढेकणांवर फोडायचा.

"तुला घरचंच मानवतं," विनी म्हणायची.

फेब्रुवारीत विनी न्यूमोनियानं गेली. त्यानंतरचा घरच्या मैदानावरचा हा पहिलाच सामना होता. प्रेक्षकांनी त्याची हुर्यो केली नाही, आणि तेच त्याला जास्त लागलं.

सामना संपला तेव्हा दोन्ही संघांनी धावांचा नुसता पाऊस पाडला होता. रॅफर्टी नावाचा त्याच्याच संघातला गडी बॅट खांद्यावर टाकून आला.

"म्हातारबा, तू नीघ घरी, आम्ही बघतो. माझी बॅट आज जागी झाली बघ. तीन वर्षं इथं मेली नुसती घोरत होती."

सगळे हसले. ऑरिनही हसायला गेला, पण मध्येच थांबला. घोरत होती, ती फक्त याच मैदानावर.

चेंडू पुरवायचे ते यजमान संघानं. आणि ते सांभाळायचा विनीचा भाऊ क्लेम. क्लेमचं बर्फघर मैदानाच्या मागेच होतं.

ऑरिन तिथं गेला तेव्हा क्लेम लादीवरचा लाकडाचा भुसा झाडत होता. ऑरिननं काही विचारायच्या आधीच त्यानं झाडू खाली ठेवला.

"मला वाटलं, आता नको," क्लेम म्हणाला. "ती असताना वेगळं होतं."

"काय नको?"

"चेंडू बर्फात पुरायचे. आठवडाभर. आतून गारठले की कितीही मारा, उडत नाहीत. सामन्याच्या सकाळी ती फ्लॅनेलात गुंडाळून चुलीपाशी ठेवायची. वरचं कातडं ऊबदार, आत दगड. हाताला काही कळायचं नाही."

ऑरिनला बसायला काही दिसेना. तो बर्फाच्या लादीवरच बसला.

"म्हणजे मी एकदाही जिंकलो नाही," तो म्हणाला.

"असं कसं? चेंडू तर तूच टाकायचास."

"विनीला वाटत होतं मी संपलो?"

"तिला वाटत होतं, तुला अजून खेळायचंय." क्लेमनं नाक पुसलं. "हे बघ, शनिवारसाठी डझनभर पुरतो आत्ता. तू फक्त हो म्हण. ऊब द्यायला मी आहे."

ऑरिनला विनीशी भांडायचं होतं. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण इतका राग त्याला तिचा कधी आला नव्हता. आणि आता तो काढायला ती समोर नव्हती. हो म्हणावं, असंही त्याला वाटलं. खूप वाटलं. शनिवारी पुन्हा तसे मरगळलेले चेंडू, पुन्हा टाळ्या.

"आणि गस?" त्यानं विचारलं.

"गसचं काय?"

गस ओस्टरमन त्यांच्याच संघात पहिल्या बेसवर खेळायचा. घरच्या मैदानावर त्याच्या बॅटवरून चेंडूच उडत नाही म्हणून गेल्या शरदात त्याला काढलं होतं. आता तो कौलांच्या भट्टीत फावडं मारत होता. विनीच्या शवपेटीला त्यानं खांदा दिला होता.

"तो बाहेरगावी मारायचा, क्लेम."

"एवढं कोण मोजतंय?"

"मी मोजायला हवं होतं."

ऑरिन मैदानावर परतला तेव्हा हॅनिगन बुटांच्या नाड्या सोडत होता. ऑरिननं उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. हॅनिगनचे हात नाडीवरच थांबले.

"गसला मी काढलं," तो म्हणाला. "त्याच्या तोंडावर म्हणालो, तुला बॅट धरता येत नाही." मग मान वर करून म्हणाला, "हे बाहेर गेलं तर लीग आपल्याला हाकलेल. शनिवारी कोण टाकणार?"

"ते तू बघ. पण गसला परत घे."

"तो विचारेल का म्हणून."

"मी सांगून येतो त्याला."

भट्टीपर्यंत चालताना काय बोलायचं ते ऑरिननं जुळवून पाहिलं. विनीचं नाव न घेता सांगता येईना, आणि घेऊन सांगवत नव्हतं. फाटकापाशी गस दिसला. तोंडाला लाल माती, अंगात मळका शर्ट. ऑरिनला बघून त्यानं फावडं टेकवून ठेवलं आणि हात विजारीला पुसला.

"ये, ये. कसा काय झाला सामना? मारलं का कुणी तुला?"

"सगळ्यांनी मारलं," ऑरिन म्हणाला. "गस, तू बस आधी. विनीबद्दल बोलायचंय."