स्टॉपरचा आवाज

"आपला संघू बॉलकडं का जात न्हाय गं?" आत्यांनी मला कोपरानं ढोसलं. "मगाधरनं बघतीया. सगळी पळत्यात आन् ह्यो आपला बांधावर हुबा राहिल्यागत."

"तो स्टॉपर आहे, आत्या. त्यानं मागंच थांबायचं असतं."

"मागं थांबून काय करायचं?"

"पुढच्यांच्या हातून निसटलेला बॉल अडवायचा. आणि कोण कुठून घुसतंय ते आपल्या माणसांना ओरडून सांगायचं."

"म्हंजी दारं धरल्यागत म्हन की. पानी कुठनं फुटतंय बघायचं आन् मोटरीवरच्याला हाळी द्यायची." आत्यांना खेळ कळला. निमगाव केतकीच्या आमच्या दीड एकर उसाला त्यांनी अर्धं आयुष्य पाणी दिलेलं. थोडा वेळ त्यांनी संघपालकडं बघितलं आणि म्हणाल्या, "मग वरडत का न्हाय त्यो?"

याचं उत्तर मला माहीत होतं. मी पाण्याची बाटली उघडली, प्यायले नाही, परत बंद केली.

बारामतीतल्या एका कॉलेजच्या मैदानावर आम्ही सासू-सुना पायऱ्यांवर बसलो होतो. संघपालच्या पुण्याच्या क्लबचं मैदान दुरुस्तीला निघालं होतं, म्हणून हंगामाआधीचे दोन सराव सामने इथं ठेवलेले. गावातला मुलगा खेळतोय म्हणून कुणी मुद्दाम आलं नव्हतं. कॉलेजची पन्नास-साठ मुलं होती, तीही बरीचशी मोबाईलमध्ये.

संघपाल एकोणीस वर्षांचा. तो झाला तेव्हा मी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होते. मी पेपर लिहायला गेले की आत्या त्याला घेऊन कॉलेजच्या लिंबाखाली बसायच्या. चौदाव्या वर्षी तो फुटबॉलसाठी पुण्याच्या होस्टेलला गेला, आणि गेले सहा महिने मोठ्यांच्या टीममध्ये होता, पण चाचणीपुरता. स्टॉपरची जागा एक, मुलं दोन. दुसऱ्या मुलाला मंगळवारी खेळवून बघितलं होतं. आज संघपालला बघणार होते. ज्याचं जमेल त्याच्याशी करार, दुसऱ्यानं घरी जायचं. घरी येऊन काय करायचं, हे मी सहा महिने रोज सकाळी भाजी चिरताना ठरवत होते आणि रोज विसरत होते.

पंधरा दिवसांपूर्वी त्यांच्या प्रशिक्षकांचा, कुशल सरांचा फोन आला होता.

"ताई, पायात काही कमी नाही. नजर तर फारच चांगली. पण तो बोलत नाही. स्टॉपर मुका असला की पुढची सगळी रांग आंधळी होते."

मग त्यांनी मला तो किस्सा सांगितला. संघपालच्या डाव्या हाताला खेळतो तो टीमचा कॅप्टन, बाजीराव, वय तेहेतीस. एका सरावात समोरचा खेळाडू बाजीरावच्या पाठीमागून गुपचूप घुसत होता. संघपालनं ते सगळ्यात आधी बघितलं. आणि आमचा मुलगा काय म्हणाला? "बाजीदादा, जरा मागं बघता का?"

"बाजीरावनं बघितलं तेव्हा बॉल जाळ्यात होता," कुशल सर म्हणाले. "आता पोरं त्याला चिडवतात, की पुढच्या वेळी पत्रिका छापून आण, घरोघर वाटू."

मी फोनवर हसले. फोन ठेवल्यावर पलंगाच्या कडेला बसून राहिले.

कारण त्याला मुका मी केला होता.

संघपाल तीन वर्षांचा असताना ह्यांना एमआयडीसीतल्या दुधाच्या कारखान्यात नोकरी लागली आणि आम्ही बारामतीत खोली शोधायला लागलो. दोन ठिकाणी सगळं ठरत आलं, मग घरमालकांनी आडनाव विचारलं आणि जागा आधीच गेलेली निघाली. तिसऱ्या ठिकाणी मिळाली. त्या दिवशी सामान लावताना मी मनाशी ठरवलं, आपल्या दारातून आवाज म्हणून बाहेर जाणार नाही. वर ह्यांची रात्रपाळी. हे दिवसा झोपायचे आणि संघपाल त्याच खोलीत मोजे घालून बॉल खेळायचा. फरशीवर बॉल घासत जायचा, आपटायचा नाही. आजही त्याच्या पायात आलेला बॉल शांत होतो, त्याचं कुशल सरांना फार कौतुक. ते कुठून आलं हे मी त्यांना सांगितलेलं नाही.

मोठ्या माणसाला नावानं हाक मारायची नाही. कुणाला उलटून बोलायचं नाही. कुणी काही म्हणालं तर तिथून निघून यायचं, मला येऊन सांगायचं. शेजारच्या काकू म्हणायच्या, "मेघना, तुझं पोरगं घरात आहे का नाही ते कळतसुद्धा नाही." मला तो सत्कार वाटायचा.

काल संध्याकाळी तो टीम उतरलेल्या लॉजवरून तासभर घरी आला. मी भाकऱ्या थापत होते. तो ओट्याला टेकून उभा.

"संघा, मला नावानं हाक मार."

"काय?"

"मेघना म्हण. जोरात म्हण, मेघना, मागं बघ."

"आई, काहीपण काय."

"म्हणून तर बघ."

त्यानं तोंड उघडलं, कानापर्यंत लाल झाला आणि हसायला लागला. मग खरोखर प्रयत्न केला. "मेघना, मागं..." इतकं हळू, की तव्यावरची भाकरी त्याच्यापेक्षा जास्त बोलत होती.

"नाही होत गं," तो म्हणाला. "दिसतं मला सगळं. कोण कुठून येणार ते आधीच कळतं. पण तोंडापर्यंत येईस्तोवर त्यात 'दादा' येतो, 'जरा' येतं, मग उशीर होतो."

"मी तुला गप्प राहायला सांगितलं ना, ते वेगळ्या कारणासाठी होतं."

"माहितंय मला," तो म्हणाला.

मला वाटलं होतं, त्याला माहीत नाही. मी भाकरी उलटायची विसरले. त्यानंच चिमट्यानं उलटली.

आज सामन्याचा पहिला अर्धा वेळ तसाच गेला. समोर कोल्हापूरची टीम होती, चपळ आणि धसमुसळी. संघपालनं दोनदा बॉल डोक्यानं परतवला. दोन्ही वेळा मी डोळे मिटले, कारण तो आवाज पायऱ्यांपर्यंत येतो. तोंडानं मात्र तो काहीच बोलला नाही. हातानं खुणा करत होता. पाठमोऱ्या माणसाला खुणा करून काय उपयोग? मैदानाच्या कडेला कुशल सर वहीत काहीतरी लिहीत होते.

ह्यांचा पहिल्या पाळीतून मेसेज आला, "किती झाले?" मी लिहिलं, "अजून काही नाही."

"सोनबाला मी उसातनं हाळी द्यायची," आत्या आपल्याच नादात बोलत होत्या. सोनबा म्हणजे माझे सासरे. "मला न्हाय ऐकू आली म्हनायचा. कशी न्हाय? बाजारात ऐकू जायाची."

दुसऱ्या अर्ध्या वेळात पाय जड झाले होते सगळ्यांचे. बाजीराव दोनदा कमरेवर हात ठेवून थांबलेला मी पाहिला. तेहेतीस वर्षांचा माणूस उन्हात तासभर पळतोय. तो बॉलकडं बघत दोन पावलं पुढं सरकला आणि त्याच्या पाठीमागून कोल्हापूरचा एक बुटका मुलगा निघाला. पळाला नाही, नुसता सरकला, मांजर ओट्यावर येतं तसा. मला दिसलं. म्हणजे संघपालला केव्हाच दिसलं असणार. त्याच्या पायाशी दुसरा एक खेळाडू चिकटलेला, त्याला सोडून संघपालला जाता येत नव्हतं. त्याचा हात वर गेला. मी मनात म्हटलं, झालं, आता 'जरा' येणार.

"बाजी! मागं! मागं!"

मला वाटलं कुणी दुसरंच ओरडलं. तो आवाज मी कधी ऐकला नव्हता. भरलेला, पोटातून आलेला, त्यात विनंती नव्हती. बाजीराव न बघताच वळला, घसरत गेला आणि बॉल कसाबसा रेषेबाहेर लाथाडला.

टाळ्या पडल्या नाहीत. गोल झाला नाही म्हणजे लोकांच्या लेखी काहीच झालं नाही.

मागच्या पायरीवरून एक कॉलेजचा मुलगा म्हणाला, "कोण रे हा? डायरेक्ट कॅप्टनवर ओरडतोय."

"नातू हाय माजा," आत्या वळून म्हणाल्या. "तुला बी वरडायचं आसंल तर खाली जा, मैदान मोकळं हाय."

मुलं हसली. मी हसले नाही. मी बाजीरावकडं बघत होते. तो उठला, गुडघ्यावरची माती झटकली आणि संघपालच्या दिशेनं चालत निघाला. दहा-बारा पावलं असतील. त्याचं तोंड मला दिसत नव्हतं. कॅप्टन, वयानं चौदा वर्षांनी मोठा, सगळी टीम ज्याच्यापुढं दबकते, त्याला माझ्या मुलानं भर मैदानात नुसत्या नावानं हाक मारली होती. संघपाल जागच्या जागी ताठ उभा. माफी मागू नकोस, मी मनात म्हणत होते. आणि लगेच, मागून टाक बाबा. दोन्ही एकदम म्हणत होते.

बाजीरावनं त्याच्या मानेवर हात ठेवला, काहीतरी बोलला, त्याचं डोकं जरा हलवलं आणि आपल्या जागेवर परत गेला.

पुढच्याच मिनिटाला पुन्हा तो आवाज आला. "बाजी, चिकटून राहा." मग उजवीकडच्याला. मग पुढच्या दोघांना. त्यानंतर तो थांबलाच नाही. कुणाला वर काढत होता, कुणाला आत घेत होता, आणि ती मोठी मोठी माणसं त्याच्या बोलण्यासरशी हलत होती. कुशल सरांनी वही काखेत मारली. मला तेव्हा पहिल्यांदा समोरचं मैदान हिरवं असल्याचं जाणवलं.

शिट्टी वाजली. ह्यांचा मेसेज, "किती झाले?"

मी लिहिलं, "शून्य-शून्य."

"अरेरे," ह्यांनी लिहिलं.

"अरेरे नाही. चांगलं झालं. फार चांगलं झालं."

कुशल सर पायऱ्यांशी आले. "ताई, सोमवारी सकाळी क्लबच्या ऑफिसात सही. आधार कार्ड आणि दोन फोटो आणायला सांगा. एकाच वर्षाचा करार आहे, फार मोठं काही नाही."

"नाही, मोठं आहे," मी म्हणाले. एवढंच सुचलं. सर गेल्यावरही मी तशीच बसले होते.

टीमची बस पुण्याला निघायला अर्धा तास होता; संघपाल सोमवारपर्यंत घरीच थांबणार होता. संघपाल आमच्याजवळ येऊन टेकला. मी डबा उघडला. भाकऱ्या, मटकीची उसळ, हिरव्या मिरचीचा ठेचा. "छान खेळलास" म्हटलं तर त्यानं नुसती मान हलवली आणि गळ्याकडं बोट दाखवलं. घसा पार बसला होता. बोलायला गेला तर नुसती हवा आली.

"संघ्या, एकटाच खातोस काय रे?" बाजीराव बूट हातात घेऊन अनवाणी येत होता. खालच्या पायरीवर बसकण मारून त्यानं आमच्या डब्यात डोकावलं. "ठेचा आहे होय. आजी, तुमच्या हातचा?"

"सुनंच्या हातचा," आत्या म्हणाल्या. त्यांचा हात क्षणभर डब्याच्या कडेवर राहिला. मग त्यांनी डबा त्याच्याकडं सरकवला. बाजीरावनं भाकरी मोडली, संघपालच्याच उसळीत बुडवली आणि वर बोटभर ठेचा घेतला. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं.

"बाबो. हे खाऊन हा गप्प कसा राहिला इतकी वर्षं?"

आत्या तोंडाला पदर लावून हसल्या. मला राहवलं नाही. "तुम्हाला राग नाही ना आला? त्यानं मघाशी तुम्हाला..."

"राग कसला, ताई. आठ वर्षं दर मिनिटाला मीच मान वळवून मागं बघतोय. आज मानेला आराम." त्यानं दुसरा घास केला. "ह्याचा घसा दुखायचा तो दुखू दे. दोन महिन्यांत तयार होतो. काय रे, सोमवारी येतोयस ना सहीला? पहाटेची एसटी आहे का इथून?"

संघपालला बोलता येत नव्हतं. गाड्यांची वेळ मला पाठ होती, कुठली गाडी, कुठल्या फलाटावर लागते, तेसुद्धा. मी सांगायला तोंड उघडलं. संघपालनं हातातला घास डब्यात ठेवला, बोटांवर पाच दाखवले, मग अर्ध्याची खूण केली.

"साडेपाच. ठीक," बाजीराव म्हणाला. "स्वारगेटला उतर, मी गाडी घेऊन येतो."

मी तोंड मिटलं. खाली मैदानावर माळी गोलाची जाळी सोडवत होता. ते दोघं एकाच डब्यात खात होते, न बोलता, भराभर. मी त्यांच्यासाठी आणखी एक भाकरी काढून कागदावर ठेवली.