एका रेघेचा कैदी

आमच्या बेटावर पूर्वी लग्न ठरवताना एक प्रश्न हमखास विचारत: "तुमची माणसं मोकळी आली होती ना?" म्हणजे बोटीतून उतरताना त्यांच्या पायांत बेडी नव्हती ना. आता तोच प्रश्न बसमध्ये चढणारे पाहुणे विचारतात, पण त्यांना उत्तर उलटं हवं असतं. मधल्या साठ वर्षांत टास्मानियातल्या लोकांचे खापरपणजोबा होते तेच राहिले. फक्त त्यांचा भाव वधारला.

मी डेस क्रिब. वय चौपन्न, शिक्षण इतिहासात एम.ए., व्यवसाय होबार्ट ते पोर्ट आर्थर आणि परत. आमच्या कंपनीचं नाव 'बेड्या आणि लाटा'. एका दिवसात तुरुंग, कबरी, कडे, कमानी आणि पाच वाजता हॉटेलच्या दारात. बसच्या पाठीवर माझा हसरा फोटो आहे आणि त्याखाली लिहिलंय, 'कैद्याच्या खऱ्या वंशजासोबत'. छातीवर पितळी बिल्ला. त्यावर एकच शब्द: वंशज. बारा वर्षं मी या शब्दावर जेवतोय.

पुरावा म्हणाल तर घरचं बायबल, आमच्याकडे घराण्याची नोंद त्यातच ठेवतात. पहिल्या पानावर माझ्या पणजोबांच्या हातचं लिहिलंय, 'जोसाया क्रिब, १८४१', पुढे इंग्रजी सी हे अक्षर, आणि त्याच्यापुढे भोक. कुणीतरी पात्याने खरवडून पाडलेलं. जुन्या नोंदवह्यांत माणसाच्या नावापुढे दोन अक्षरं असत. सी.एफ. म्हणजे मोकळा आला. सी.पी. म्हणजे अटीवर माफी मिळाली, थोडक्यात कैदी. आता एफ कोण खरवडेल? आमच्याकडे घरोघरी अशी भोकं आहेत आणि सगळी एकाच कारणाने पडलेली. त्या पानाचा फोटो मी बसमध्ये फिरवत असे. बायका भोकावरून बोट फिरवत. एकदा एक बाई रडली होती. इतिहासात एम.ए. असल्यामुळे मूळ नोंद बघायची तसदी मी कधीच घेतली नव्हती.

पण दुसऱ्या कंपनीतला एक 'वंशज' मागच्याच पिढीत आलेला क्रोएशियन निघाला, आणि आमचे मालक ट्रेंट हॉलोवे जागे झाले. ट्रेंट एकतीस वर्षांचा आहे.

"डेस, भोक चालणार नाही आता," तो म्हणाला. "कागद हवा. सरकारी."

"बारा वर्षं चाललं की."

"शुक्रवारी संध्याकाळपर्यंत कागद दे, नाहीतर बिल्ला दे. तुझ्या जागी बेकी तयार आहे. तिचे पाच आहेत."

"पाच काय?"

"कैदी. दोन आईकडून, तीन बापाकडून."

मी अभिलेखागाराला लिहिलं. उत्तर आलं तेही नेमकं शुक्रवारी सकाळी, मी बस काढत असताना. पाकिटात दोन कागद होते. एक १८४६ च्या नोंदवहीच्या पानाची प्रत. त्यात सुंदर हस्ताक्षरात, 'जोसाया क्रिब, सी.एफ.' दुसरं पत्र: आपले पूर्वज मोकळे आले असून पोर्ट आर्थरच्या कोठारात पीठ तोलणारे कारकून होते. ते तापाने वारले व त्यांना तिथल्या बेटावर स्वतंत्र नागरिकांच्या भागात पुरले. आपल्याला हे कळवताना आनंद होतो.

आनंद त्यांना झाला होता. मी दोन्ही कागद खिशात कोंबले आणि बस पुढे घेतली, कारण पहिल्याच थांब्यावर एनिड आत्या उभी होती.

एनिड आत्या माझ्या वडिलांची धाकटी बहीण. वय चौऱ्यांशी. होबार्टपासून पोर्ट आर्थर दीड तासावर, पण ती जन्मात गेली नव्हती. शाळेची सहल गेली तेव्हा तिला ताप आला, आणि पुढे कुणी विषय काढला तरी तिला ताप येई. त्याला कारण होतं. बाविसाव्या वर्षी तिचं ह्यूऑन खोऱ्यातल्या सफरचंदवाल्यांच्या क्लॉडशी ठरलं होतं. क्लॉडची आई चहाला आली. चहा झाला, केक झाला, आणि बाई गोड हसून म्हणाली, तुमचं बायबल बघू या का जरा. पान उघडलं. भोक दिसलं. बाईने बायबल मिटून, हातमोजे चढवून, केक छान झाला होता असं सांगितलं. पुढच्या आठवड्यात अंगठी परत मागायला क्लॉडचा भाऊ आला. क्लॉडला स्वतःला बागेत फवारणीचं काम होतं.

आत्याने पुढे चाळीस वर्षं टपाल खात्यात दुसऱ्यांच्या पत्रांवर शिक्के मारले. गेल्या महिन्यात मात्र तिचा फोन आला, "डेस, त्या मेल्या जोसायाला एकदा भेटून घेते म्हणते. डॉक्टर सांगतात आता फार राग राग बरा नाही."

ती हातात घरच्या बागेतले डेझी घेऊन चढली. फुलं ओल्या वर्तमानपत्रात गुंडाळली होती. सगळ्यांत पुढच्या सीटवर बसली.

"पट्टा लाव गं, आत्या."

"माहीत आहे मला. बस तुझी असली तरी जीव माझा आहे."

आमच्याकडे तिकिटासोबत प्रत्येकाला एका कैद्याचं कार्ड मिळतं. मागच्या सीटांवर कार्डांची अदलाबदल सुरू झाली. "मला मेंढीचोर आलाय, तुला?" "मला नुसता दारुडा. बदलतोस?" ब्रिस्बेनहून आलेला नॉर्म नावाचा एक लाल मानेचा गृहस्थ आत्याकडे वाकून म्हणाला, "तुम्ही पण खऱ्या वंशज का? काय नशीबवान हो!"

"हो ना," आत्या म्हणाली. "नशीबच म्हणायचं."

मी माइक घेतला. रोजचा मजकूर रोजच्या जागी येत गेला. ईगलहॉक नेकच्या चिंचोळ्या पट्टीवर कैद्यांना अडवायला साखळीने बांधलेल्या कुत्र्यांची रांग, मग हशा, मग पोहून पळणाऱ्यांच्या गोष्टी, मग शांतता. फक्त जोसायाच्या जागी आल्यावर मी अडखळलो. खिशात पाकीट टोचत होतं. "माझे खापरपणजोबा," मी म्हणालो, "इथेच होते." हे खरं होतं. पीठ तोलत होते, एवढं फक्त सांगायचं राहिलं.

पोर्ट आर्थरला त्या दिवशी ऊन असं पडलं होतं की तुरुंगाच्या पडक्या भिंतीसुद्धा लग्नाचे फोटो काढावेत अशा दिसत होत्या. आत्या कुठेच थांबली नाही. कोठड्या नाहीत, चाबूक नाही, फटके मारायची तिकाटी नाही. "मला माणसाला भेटायचंय, सामानाला नाही," म्हणाली. मी तिला होडीत बसवून मृतांच्या बेटावर नेलं.

बेट लहान. वरच्या उंचवट्यावर मोकळ्या माणसांच्या कबरी, त्यांवर कोरीव दगड, दगडांवर देवदूत. खालच्या उताराला कैदी, वर दगड नाही, नाव नाही, गवत आहे. एका हातात काठी, दुसऱ्यात डेझी, अशी आत्या सरळ खालच्या उताराला निघाली. मी मागून. वर, देवदूतांच्या रांगेत कुठेतरी कारकून जोसाया क्रिब पडला होता, आणि मी गप्प होतो. सांगायला तीन मिनिटं लागली असती. बारा वर्षांत माइकवर मी तीन मिनिटं कधी गप्प बसलो नव्हतो. ती कला त्या दिवशी साधली.

आत्याने अंदाजाने एक जागा निवडली आणि फुलं ठेवली.

"हे बघ जोसाया," ती गवताला म्हणाली, "साठ वर्षं तुला शिव्या घातल्या. रोज. नाताळला दोनदा. तू काय चोरलंस मला माहीत नाही. भूक लागली असेल म्हणून चोरलं असशील. जाऊ दे. फिटलं आता." मग माझ्याकडे वळून, "चल. पाय भिजले माझे."

एवढ्या वर्षांत मी तिचा चेहरा इतका हलका कधी पाहिला नव्हता. आणि तिने माफ केलं होतं ते कुणा तिऱ्हाइताला.

परतीच्या वाटेवर ब्लोहोलला थांबा असतो. खडकाच्या बोगद्यातून समुद्र आत धडका मारतो. पाहुणे जवळच्या खडकाच्या कमानीकडे फोटो काढायला जातात आणि आम्ही तिथल्या गाडीवर स्कॅलप पाय, म्हणजे करीतले शिंपले भरलेले कानवले, खातो. आत्या बसच्या पायरीवर बसून कानवल्याच्या कडा खात होती. तेवढ्यात माझा फोन वाजला. हाताला करी लागली होती, म्हणून मी स्पीकर लावला. आयुष्यात एवढी मोठी चूक मी सहसा करत नाही.

"डेस, ट्रेंट बोलतोय. आला का कागद? अभिलेखागारवाली म्हणाली की सोमवारीच पाठवलाय."

फोन बंद केला तेव्हा आत्याने हात पुढे केला होता.

"आण."

"आत्या, घरी गेल्यावर..."

"डेस, चाळीस वर्षं लोकांची पाकिटं माझ्या हातातून गेली. माणूस खिशावर हात ठेवून का बसतो ते कळतं मला. सकाळपासून बसलायस. आण."

तिने चष्मा लावला. पत्र वाचलं. मग नोंदवहीची प्रत उन्हात धरून वाचली, बोटाने एकेक अक्षर. मग पुन्हा पत्र. खाली समुद्र बोगद्यात आपटत होता.

"पीठ तोलत होता," ती म्हणाली.

"हो."

"मोकळा आला होता."

"हो."

"मग आईने का खरवडलं?" हे तिने मला विचारलं नव्हतं. तिने कानवल्याचा तुकडा कागदी पिशवीत ठेवला. "मी आठ वर्षांची होते. स्वयंपाकघराच्या टेबलावर ती वडिलांच्या दाढीचं पातं घेऊन बसली होती. मी विचारलं, काय करतेस. म्हणाली, आजोबांना धड एफसुद्धा काढता येत नाही. शेपूट वळवून ठेवलीय, लोकांना पी वाटेल. मोठेपणी मला वाटलं, ती खोटं बोलली, तिथे पीच होता. शेपूटच काढत होती ती, डेस. नुसती शेपूट. पातं घसरलं."

बारा वर्षं मी ते भोक बसमध्ये फिरवलं होतं. इतिहासात एम.ए. होतो.

"क्लॉड," आत्या म्हणाली आणि पत्राची घडी घातली. मग, "आता या कागदावर तुझी नोकरी जाणार?"

"बेकीचे पाच आहेत."

"पेन आहे का तुझ्याकडे? काळं?"

"आत्या, नको."

"नको काय नको? त्या माणसाची किंमत मी मोजलीय. कैदी असल्याची पुरती किंमत, रोख. आता तो मोकळा म्हणून फुकट जाऊ देऊ होय? पेन दे."

मी दिलं. तिने प्रत गुडघ्यावर सपाट केली, जिभेचं टोक दातांत धरलं आणि एफच्या दोन आडव्या दांड्यांची टोकं एका छोट्याशा गोलाईने जोडली. चाळीस वर्षं शिक्के मारलेला हात, इतकासुद्धा हलला नाही. जोसाया क्रिब, सी.पी. आमच्या घराण्यात आजवर मागे लागलेली बेडी काढायला पातं वापरलं होतं. नसलेली घालायला पेन पहिल्यांदाच.

"याची पुन्हा एक प्रत काढून दे त्याला," ती म्हणाली. अभिलेखागाराचं पत्र तिने चार तुकड्यांत फाडलं, करीचे हात त्याला पुसले आणि कागदी पिशवीत कोंबलं. "आनंद होतो म्हणे."

फोन पुन्हा वाजला. या वेळी आत्यानेच स्पीकर लावायला सांगितलं.

"ट्रेंट, कागद आहे," मी म्हणालो. "सी.पी."

"भारी! चल, मग गुन्हा पण लिहून टाकू बसवर. भोकाची गोष्ट बंद, गुन्ह्याची सुरू. काय चोरलं होतं त्याने? मेंढी?"

मी आत्याकडे बघितलं. पाहुणे कमानीकडून परत येत होते. सगळ्यांत पुढे नॉर्म, हातात मेंढीचोराचं कार्ड.

"मेंढी नको," आत्या हलक्या आवाजात म्हणाली. "मेंढी सगळ्यांनीच चोरलीय."

"मग काय सांगू?"

तिने चष्मा काढला, डबीत ठेवला, डबी पर्समध्ये ठेवली.

"अंगठी," ती म्हणाली. "लग्नाची."

मी सांगितलं. ट्रेंटला फारच आवडलं. अंगठीत भावना आहे म्हणाला.

"आणि पाहुण्यांनी विचारलं," मी फोन ठेवून म्हणालो, "की सापडली का, तर?"

आत्या पायरीवरून उठली, काठी घेतली आणि आपल्या सीटवर जाऊन पट्टा लावून बसली.

"नाही म्हण," ती म्हणाली. "ते खरं आहे."