कपाटाचं नवं कुलूप

"सरकारचं अपील फेटाळलं, वहिनी! सुटका कायम," कोर्टाच्या पायऱ्या उतरत वकील म्हणाले.

किल्लीवाल्याचा जीव भांड्यात पडला; तो तिथेच पायरीवर बसला. बायकोने मात्र पिशवी छातीशी धरून विचारलं, "म्हणजे यांनी चोरी केली नाही, असं म्हणाले का साहेब?"

"तसं म्हणावं लागत नाही. पुराव्यातून दोन अर्थ निघत असले आणि खालच्या कोर्टाने आरोपीच्या बाजूचा धरला असला, तर दुसरा जास्त पटतो एवढ्यावर वरचं कोर्ट निकाल फिरवत नाही. निकाल अगदीच पुराव्याला सोडून असावा लागतो."

"आणि तो दुसरा अर्थ?"

"तो आता कशाला उकरताय?" वकील हसले नि दुसऱ्या अशिलाकडे वळले.

दुसरा अर्थ तिच्या घरातच ठाण मांडून बसला होता. घासताना किल्ली बिघडली तर नवरा ती फेकत नसे, डब्यात टाकून ठेवी. शेजारच्या मास्तरणीचं घर चोरांनी साफ केलं, तेव्हा पोलिसांना त्याच डब्यात तिच्या दाराची किल्ली सापडली. 'बिघडलेली आहे' म्हणून तो शपथेवर सांगत राहिला, पण पोलिसांनी लावली तेव्हा दार उघडलं. जुनं कुलूप खडखडवलं की कशानेही उघडतं, असं वकिलांनी सांगितलं आणि कोर्टाने ते मानलं. हिच्या मनातली पाल मात्र चुकचुकतच राहिली. खालच्या कोर्टाने त्याला सोडलं, त्याच दिवशी तिने कपाटाला नवं कुलूप आणलं, तेही दुसऱ्याच्या दुकानातून.

घरी आल्यावर तो म्हणाला, "किल्ली दे ना. धुतलेला सदरा काढतो."

ते कुलूप त्याने वाकड्या तारेने चहा निवायच्या आत उघडलं असतं. तरी तो हात पुढे करून उभा राहिला.

तिने किल्ली दिली नाही. स्वतः कपाट उघडून सदरा काढून दिला.

"अजून?" त्याने हळूच विचारलं.

"मी काही बोलले का?"

"बोलली असतीस तर बरं झालं असतं. तिथे निदान माझ्या बाजूने वकील तरी होता."

तिला भडभडून आलं, पण शंका काही हलेना. तो आत गेला आणि कानशी, तारा, चिमटे असलेली हत्यारांची पिशवी आणून त्याने तिच्या हातात ठेवली.

"हीपण आत ठेव."

"मग धंदा?"

"सकाळी तुझ्याकडे मागेन."

तिने पिशवी ठेवली, कुलूप लावलं. लावलं की एकदा ओढून पाहायचं, हे लग्नानंतर त्यानेच शिकवलं होतं. तिने ओढून पाहिलं.

"बसलंय नीट," तो म्हणाला.