आधी कोण बोलेल

"समजा, या खोलीत दोन माणसं आहेत. दोघांच्याही खिशात भरलेलं पिस्तूल आहे," दिनानाथ म्हणाला आणि टाळ्यांसाठी सोडतात तेवढी जागा सोडून थांबला.

"घरात पिस्तूल कशाला आणतोस?" माईंनी वात वळता वळता विचारलं.

"समजा म्हटलं ना, माई."

"समजा पण नको. गणपती बसायचे आहेत."

झोपाळ्यावरचे कृष्णराव सुपारी कातरता कातरता हसले. "बोलू दे त्याला. हां दिनू, आगे चलो."

गणेशोत्सवात दिनानाथचं व्याख्यान असे आणि त्याआधीच्या रविवारी, जेवणं झाल्यावर, घरात त्याची तालीम. कॉलेजात तो राज्यशास्त्र शिकवायचा. यंदाचा विषय होता हायड्रोजन बॉम्ब. समुद्रात कुठे तरी अमेरिकेनं तो उडवून पाहिला आणि दूरवरच्या जपानी कोळ्यांच्या बोटीवर राख पडली, तेव्हापासून त्याच्या टेबलावर कात्रणांचा ढीग साचला होता. मोठी सून सरला सूप घेऊन तांदूळ निवडत होती. धाकटी, म्हणजे दिनानाथची मंजिरी, आतल्या दाराशी बसून पोरीला मांडीवर थोपटत होती.

"एक बॉम्ब पडला तर राजवाड्यापासून पोलोग्राउंडपर्यंत काही उरणार नाही."

"आणि महू?" कृष्णरावांनी विचारलं.

"महू पण नाही, बाबा."

"चलो, छावणीवाले तरी सुटले नाहीत." होळकर दरबारच्या महसूल खात्यात जन्म घालवलेल्या कृष्णरावांचा महूच्या छावणीवरचा राग अजून गेला नव्हता.

दिनानाथनं कागद उलटला. "तर ती दोन माणसं. कुणीच गोळी झाडत नाही, कारण दुसराही झाडेल. याला तिकडे डिटरन्स म्हणतात, आपण धाकाची शांतता म्हणू. अशी शांतता वर्षानुवर्षं टिकू शकते. पण एक दिवस एकाच्या मनात येतं, हा आज झाडणार. याचा हात खिशाकडे गेला. मग थांबणं म्हणजे मरण. म्हणून तो आधी झाडतो. दुसरा बिचारा कदाचित खिशातून रुमाल काढत असेल."

"म्हणजे आधी झाडेल तो वाचला," माई म्हणाल्या.

"वाचलो, असं त्याला वाटतं."

सुपातला सरलाचा हात थांबला होता. मंजिरीनं वर पाहिलं, आणि कितीतरी महिन्यांनी दोघी जावांची नजर एकमेकींना सरळ भेटली. मग सरलानं खडा शोधायला मान खाली घातली आणि मंजिरीनं झोपलेल्या पोरीला पुन्हा थोपटायला सुरुवात केली.

मंजिरीचं माहेर इंदुरातच होतं. सराफ्यामागच्या एका गल्लीत, सोनाराच्या पेढीवरच्या खोलीत, तिची विधवा आई एकटी राहायची. लग्नात आईनं विहिणीला दिलेल्या लुगड्याला पदराशी रफू निघालं. दुकानदारानं फसवलं असेल, आईला दिसलं नसेल, कुणी विचारलंच नाही. कृष्णरावांनी मांडवातच सांगितलं की या घराशी आपला संबंध संपला. बाळंतपणालाही मंजिरी माहेरी गेली नाही. चालत पोचता येईल एवढ्या अंतरावर आई होती आणि मंजिरी सासरच्या खिडकीतून त्या बाजूचं आभाळ बघायची.

पोर दोन महिन्यांची झाल्यावर तिनं गुरुवारी दत्ताला जायला सुरुवात केली. देवळात टेकायची, आणि परतताना आईकडे. आईच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरत होता. नातीचा चेहरा ती बोटांनी बघायची, कपाळ, नाक, हनुवटी, आणि म्हणायची, "नाक तुझ्यासारखं नाही हो, देवाची कृपा." तेवढा अर्धा तास हसण्यात जायचा. मग आठवडाभर काही नाही.

एकदा गुरुवार चुकला म्हणून ती सोमवारी गेली. गल्लीतून पोरीला घेऊन बाहेर पडली तर समोरच्या हलवायाच्या दुकानाशी सरला उभी. हातात पानाचा दोना, दोन्यात कचोरी, तोंड भरलेलं. सरलाचे सोमवार निर्जळी असायचे. लग्नाला बरीच वर्षं झाली तरी मूल नव्हतं, म्हणून माईंनी ते धरायला लावले होते. माईंनी हेही बोलून ठेवलं होतं की दिवाळीआधी लक्ष्मीकांतचं सेक्रेटरिएट ग्वाल्हेरला हलेल, तोवर काही कळलं नाही तर त्याच्या दुसरेपणासाठी सांगून आलेल्या देवासच्या मुलीला होकार कळवायचा. लक्ष्मीकांत, सरलाचा नवरा, यावर काहीच बोलत नसे. तो अर्धं वर्ष इंदुरात आणि अर्धं ग्वाल्हेरात असायचा, आणि दोन्ही ठिकाणी गप्पच असायचा.

दोघींनी एकमेकींना पाहिलं आणि माना फिरवल्या. घरी वेगवेगळ्या वाटांनी आल्या. त्यानंतर दोघी इतक्या गोडीनं वागू लागल्या की शेजारणी नावाजायच्या. सरला पोरीला न्हाऊ घालायची, मंजिरी सोमवारी संध्याकाळी न सांगता सरलापुढे लिंबाचं सरबत ठेवायची. त्या दिवसाबद्दल कुणी अक्षर काढलं नाही.

त्या रविवारनंतर मात्र काहीतरी बिघडलं.

सरलानं पोरीला घेणं सोडलं. पोर हात पुढे करायची तर म्हणायची, "माझे हात ओले आहेत गं." दुपारी ती माईंचे पाय दाबायला बसायची आणि मंजिरी आत आली की दोघींचं बोलणं थांबायचं. एकदा, दोनदा, मग दर वेळी. मंगळवारी ताटं मांडताना माई सहज बोलल्या, "धाकटे, गौरी झाल्या की गुरुवारी मी पण येते तुझ्याबरोबर दत्ताला."

मंजिरीनं पाण्याचं भांडं ताटाशी ठेवलं. "तुमचे गुडघे, माई…"

"गुडघ्यांचं काय, ते रोजचेच आहेत."

माई कधी दत्ताला जात नसत. मग सरलावहिनींनी सांगितलंच. की अजून अर्धंच सांगितलंय, आणि डोळ्यांनी बघा म्हणून माईंना पाठवताहेत? मंजिरी भाजी चिरताना, दुपटी धुताना तेच उलटून पालटून बघू लागली. एकदा का कळलं की दत्त बंद, उंबरा बंद. आईच्या डोळ्यांत राहिलाय तो उजेडही जाईल आणि नात मोठी होत असताना तिचं नाक कसं झालं हे तिला कधी कळणार नाही. पण आपण आधी बोललो तर? उपास मोडणाऱ्या सुनेनं मग मंजिरीबद्दल काहीही सांगितलं, तरी माई म्हणतील, जळफळाट. एका वाक्याचं काम होतं. ते वाक्य तिनं मनात इतक्या वेळा म्हटलं की ते गुळगुळीत झालं. पुढे देवासची मुलगी दिसायची, तिथं मात्र ती विचार थांबवायची.

संध्याकाळी दिनानाथला चहा देताना तिनं विचारलं, "अहो, त्यानं आधी गोळी झाडली, आणि दुसरा झाडणारच नव्हता असं मागाहून कळलं तर?"

"मागाहून कळायला उरणार कोण?" तो म्हणाला, आणि स्वतःच खूश होऊन त्यानं ते कागदाच्या समासात लिहून घेतलं. "वा. समारोपाला घेतो हे. तुला या विषयात गती आहे."

गौरींच्या आदल्या दिवशी माई मागच्या अंगणात पितळी मुखवटे चिंचेनं घासत बसल्या होत्या. ज्येष्ठा आणि कनिष्ठा. या घरात ज्येष्ठा मोठ्या सुनेच्या हातात आणि कनिष्ठा धाकटीच्या हातात अशा तुळशीपासून देवघरापर्यंत यायच्या. आतून सरलाच्या रांगोळीच्या डब्याचा आवाज येत होता. ती पावलं काढायला लागली होती. मंजिरी माईंशेजारी बसली आणि तिनं कनिष्ठेचा मुखवटा पुढे ओढला.

"माई, एक सांगायचं होतं."

"सांग की."

"वहिनींचं. त्या सोमवारी…"

माईंनी घासणं थांबवलं नाही. "कचोरीचं ना?"

मंजिरीच्या बोटांत चिंचेचा कोळ तसाच राहिला.

"सांगितलं तिनं मला. चार दिवस पाय दाबत बसली, आज बोलेन उद्या बोलेन करत, मग बोलली. भूक सहन होत नाही म्हणाली." माईंनी मुखवटा पाण्याखाली धरला. "तुला कधीपासून माहीत?"

मंजिरीनं कोळ मुखवट्यावर चोळायला घेतला.

"आणि आज का सांगावंसं वाटलं?"

आतला डब्याचा आवाज थांबला होता. मंजिरीनं कसंबसं विचारलं, "आणखी काही म्हणाल्या?"

"आणखी काय असायचं?" माईंनी ज्येष्ठेचा मुखवटा पदरानं पुसून तिच्यापुढे ठेवला. "उद्या दोघींना तूच आण, एकीमागून एक. उपास मोडलेल्या हातांनी नको. आणि गुरुवारी त्या दत्ताच्या पुजाऱ्यांना विचारू, या मोडलेल्या सोमवारांचं काय करायचं ते. देवासला मी आजच कळवायला सांगितलंय."

दुसऱ्या दिवशी सरलानं काढलेल्या कुंकवाच्या पावलांवरून मंजिरीनं ज्येष्ठा आणली, मग परत जाऊन कनिष्ठा. पावलं रेखीव होती, एकही बोट फिसकटलेलं नव्हतं. सरला स्वयंपाकघराच्या दारात पोरीला कडेवर घेऊन उभी होती. त्या रविवारनंतर पहिल्यांदाच तिनं पोरीला घेतलं होतं. पोर तिच्या मंगळसूत्राशी खेळत होती.

नैवेद्याच्या भाज्या चिरताना दोघीच उरल्या.

"वहिनी, मी काल…"

"तो भोपळा दे इकडे."

मंजिरीनं भोपळा दिला. सरला विळीवर बसली. फोडी ताटात पडत राहिल्या.

"भावजींचं ते पिस्तुलाचं ऐकल्यापासून तू मला बघत होतीस, मी तुला," ती म्हणाली. "पोरीला घ्यायलाही हात धजेना. म्हटलं, हिला वाटायचं मी काही काढून घ्यायला आले. खालीपिली जीव टांगलेला. मग म्हटलं, आपलं आपणच सांगून मोकळं व्हावं. झाले मोकळी."

"आणि माझं?"

"तुझं मला काय माहीत?" सरलानं वर पाहिलं नाही. "मी तर कचोरी खात होते."

दिनानाथचं व्याख्यान फार रंगलं. मागाहून कळायला उरणार कोण, या वाक्याला बराच वेळ टाळ्या पडल्या. बायकांच्या बाजूला माईंनी मंजिरीला कोपरानं ढोसलं, "बघ, तुझा नवरा." मंजिरीनं मान हलवली. सरला आली नव्हती. देवासच्या मंडळींसाठी पाहुण्यांची खोली झाडायची होती.

गुरुवारी सरला पायरीवर चपला घालून तयार उभी. "माई, मी येते तुमच्याबरोबर. विचारायचं माझंच आहे. मंजिरी पोरीला भरवून मागाहून जाऊन येईल, तिच्यासाठी थांबायला नको." आणि मंजिरीच्या जवळून जाताना म्हणाली, "हिला टोपडं घाल. गल्लीत वारं असतं."

आईकडे मंजिरी फार बसली नाही. आईनं बोटांनी नातीचं तोंड पाहिलं, म्हणाली, "आज तुझा हात का गार आहे?" मंजिरीनं हात काढून घेतला.

जिना उतरून ती गल्लीच्या तोंडाशी आली आणि भिंतीला चिकटून थांबली. समोरून माई आणि सरला परतत होत्या. मोडलेल्या सोमवारांना पुजाऱ्यांनी कडकच काही सांगितलं असावं, असा माईंचा चेहरा होता. पाऊस उघडून ऊन चढलं होतं. हलवायाच्या कढईत कचोऱ्या पडत होत्या आणि वास रस्ताभर होता. सरलानं तिकडे पाहिलं नाही, गल्लीकडेही नाही. गल्लीसमोर येताच तिनं छत्री स्वतःवरून काढून माईंच्या बाजूला कलती केली, जरा जास्तच, माईंना पुढची वाट सोडून काही दिसू नये इतकी.

"ऊन लागतंय का गं एवढं?" माई छत्रीआडून म्हणाल्या.

"या अंगाला फार आहे, माई," सरला म्हणाली, आणि स्वतः उन्हातून चालत पुढे गेली.