मलम कोयत्याला, जखम पायाला

कोयता निखाऱ्यांवर आणि ठणका मात्र अंगणाच्या दुसऱ्या टोकाला बसलेल्या गुंडा नावाच्या गड्याच्या नडगीत. रहिमतपूरजवळच्या वस्तीतली सगळी माणसं श्वास रोखून बघत होती. जखमांवर उपाय करणाऱ्या बुवांनी मलमानं काळं केलेलं पातं आणखी खाली नेलं तसा गुंडा पाय धरून कळवळला. पातं ताकात बुडवलं आणि त्याचा चेहरा सैल झाला.

"ह्या कोयत्यानं रगत पिलंय," बुवा म्हणाले. "त्याचा आन् जखमेचा धागा जुळलाय. मलम कोयत्याला लावायचा. जखम नुसती उकळल्या पाण्यानं धुवायची, सोच्छ फडकं बांधायचं आन् हात लावायचा न्हाई. सुई टोचली का धागा तुटला म्हणून समजा."

त्या सुईसाठीच गुंडाच्या धाकट्या बहिणीचा, संयोगिताचा, जीव टांगणीला लागला होता. काल ऊस तोडताना त्याला शेणमातीनं माखलेला कोयता लागला होता. डॉक्टरांनी धनुर्वाताचं इंजेक्शन लगेच घ्यायला सांगितलं आणि हा गडी हटून बसला. गेल्या हंगामात आप्पासोंचा पोरगा ज्योतिबा असाच बुवांच्या भरवशावर राहिला होता. त्याची जखम वरून छान मिटली, मग जबडा आवळला तो पुन्हा उघडलाच नाही. कोयत्याला कुणाची तरी नजर लागली, एवढं बोलून बुवा मोकळे झाले.

संयोगिता कोरेगावच्या शाळेत विज्ञान शिकवायची. भावाशी वाद घालून थकल्यावर तिनं वहिनीला, स्वप्नालीला, हाताशी धरलं होतं. भाऊ कळवळला तेव्हा तिला वाईट वाटलं आणि हायसंही वाटलं.

"बुवा, ह्यो कोयता दादाचाच न्हवं?"

"पोरी, मी रगत वळखतो. हातात घेतल्याबरूबर त्योच बोलला, मी गुंडाचा म्हणून."

"बनुमावशी, जरा मूठ बघता का?"

शेजारची बनुबाई पुढं झाली. "आगं, ह्यो तर माझा. मुठीला चिंधी बांधल्याली हाय न्हवं. कालच सपनालीनं मागून आणला. आवं बुवा, ह्यानं गवताबिगर काय कापल्यालं न्हाई."

बुवांचं तोंड कसलेलं होतं. "म्हंजे खरा कोयता घरात निवांत पडलाय. म्हणून तर गुंडाला आराम हाय."

स्वप्नाली न्हाणीच्या चुलीकडे गेली. चिमट्यानं तिनं जाळातून गुंडाच्या खऱ्या कोयत्याचं पातं ओढलं. मूठ जळून गेली होती आणि पातं तांबूस झालं होतं.

"पहाटेपासनं जाळात हाय," ती नवऱ्याला म्हणाली. "ह्याच चुलीवरच्या पाण्यानं तुमी आंघुळ केली, दोन भाकरी खाल्ल्या. तवा का वो ठणकलं न्हाई?"

गुंडा ओशाळला. "पर आत्ता मला खरंच ठणकलं, संयू. मी नाटक न्हाई केलं."

"ठावं हाय, दादा. डोळ्यानं बघितलं, मनानं धरलं आन् पाय ठणकला."

गर्दीतून आप्पासो पुढे आले. पोरगा गेल्यापासून ते चारचौघांत बोलले नव्हते. "मग बाकीच्यांच्या जखमा भरल्या त्या कशा?"

"आप्पा, आपण जखमेत तंबाकू भरतो, राख भरतो. बुवा ते बंद करत्यात, म्हणून धुतल्याली जखम आपली आपण भरती. चारशे वर्सांमागं युरोपात असंच तलवारीला मलम लावायचे. तवाबी माणसं बरी व्हायची, कारण जखमेत घाण जायची न्हाई. मोठमोठे इद्वान त्यावर भांडत बसले. नुसतं भांडून कळत न्हवतं. करून बघायची सवय लागली तवा कळलं. आमीबी आज तेच केलं. पर धनुर्वाताचं इख आत असतं, ते वरनं दिसत न्हाई."

बुवा मलमाचा डबा आवरू लागले होते.

"म्हंजे माझ्या पोराच्या कोयत्याला नजर न्हवती लागली."

"न्हाई, आप्पा. सुई ऱ्हायली."

आप्पासोंनी डोळे पुसले आणि मोटारसायकल सुरू केली. "बस मागं, गुंडा." मग ते गर्दीकडे वळले. "ज्याला लागलंय त्यानं जखम धुवा आन् दवाखान्यात जा. आन् कुणी काय सांगितलं तर आदी करून बघा. मी बघितलं न्हाई."

गुंडा लंगडत गेला आणि त्यांच्या मागं बसला.